घड्याळ बंद पडलं म्हणून फेकू नका, आणि ग्राहकालाही फेकायला सांगू नका



या आठवड्याच्या व्हिडिओत मी एक भिंतीवरचं घड्याळ तुमच्यासमोर खोललं आणि वीस मिनिटांत चालू करून दाखवलं. व्हिडिओ टाकायच्या आधी माझ्या बॅचमधल्या एका मुलाला दाखवला. त्याने सरळ विचारलं, "सर, साडेचारशे रुपयांत नवीन घड्याळ मिळतं. दुरुस्ती कोण करत बसणार? यात बिझनेस कुठे आहे?"

प्रश्न योग्य आहे. बारा-तेरा वर्षांपूर्वी मीही हाच प्रश्न विचारत होतो, तोही माझ्या वडिलांना. आज माझं मत उलटं आहे. घरातलं घड्याळ बंद पडलं तर आधी दुरुस्त करा. तुम्ही दुकानदार असाल तर ग्राहकाला नवीन दाखवायच्या आधी जुनं खोलून बघा. हे मी जुन्या वस्तूंच्या प्रेमातून सांगत नाही. चूक करून, हिशोब मांडून सांगतोय. पटलं तर घ्या.

मी काय चूक केली

आमचं सांगलीत घड्याळांचं आणि गिफ्ट आर्टिकल्सचं दुकान आहे. सुरुवात अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी केली. तेव्हा दुकान म्हणजे एक टेबल, वर एक दिवा, डोळ्यात धरायचं भिंग, दोन-तीन चिमटे आणि स्क्रूड्रायव्हरचा एक डबा. अण्णा चावीची घड्याळं दुरुस्त करायचे, पुढे सेलची करायला लागले. विक्रीचा माल नंतर आला.

मी २०११ ला बीबीए झालो आणि दुकानात बसलो. डोक्यात नवीन शब्द होते. फुटफॉल, ॲव्हरेज बिल, पर स्क्वेअर फूट सेल. मी वहीत गणित मांडलं की दुरुस्तीचं टेबल दुकानाची सगळ्यात चांगली जागा अडवतं, दारातून आत आल्याबरोबर उजवीकडची. तिथे काचेचं शोकेस लावलं तर विक्री वाढेल. २०१२ च्या दिवाळीआधी टेबल मागच्या खोलीत गेलं आणि पुढे पाटी लागली, "येथे दुरुस्ती केली जात नाही."

अण्णा काही बोलले नाहीत. दोन-चार दिवस गल्ल्यावर बसले, मग सकाळी उशिरा यायला लागले.

शोकेसमुळे विक्री वाढली का? वाढली. खोटं कशाला सांगू. पहिली दोन वर्षं आकडे छान दिसले. पण हळूहळू एक गोष्ट लक्षात यायला लागली. लोक यायचे, घ्यायचे, जायचे. पुन्हा तोच चेहरा दिसायचा नाही. आधी महिन्यातून एकदा तरी कोणी ना कोणी सेल बदलायला, पट्टा लावायला, काटा अडकलाय म्हणून यायचं आणि जाता जाता अजून एखादी वस्तू घेऊन जायचं. ते येणं बंद झालं. त्याच काळात ऑनलाइन खरेदी वाढली. नवीन घड्याळ मोबाइलवरही मिळत होतं आणि माझ्याकडेही. मग माणसाने माझ्याकडेच का यावं? याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. जे उत्तर होतं ते मी स्वतःच्या हाताने मागच्या खोलीत ठेवलं होतं.

महापुरात काय कळलं

ऑगस्ट २०१९. कृष्णेचं पाणी शहरात आलं. सांगलीकरांना वेगळं सांगायला नको. आमच्या दुकानात चार फूट पाणी होतं. पाणी ओसरल्यावर शटर उघडलं तेव्हा खालचे सगळे कप्पे गाळाने भरलेले. नवीन घड्याळांचे बॉक्स भिजून लगदा झालेले. मोजले, बासष्ट नग होते. मी ते बाजूला ढिगात टाकत होतो, भंगारात द्यायला.

अण्णांनी त्यातलं एक उचललं, मागे वळवलं, मशीनचा नट सोडवला. मशीन काढून फेकलं. डायल प्लास्टिकची होती, ती पाण्याने धुतली, पुसली, उन्हात ठेवली. म्हणाले, "बॉडी चांगली आहे, डायल चांगली आहे. मशीन बदललं की झालं." ज्यांची डायल कागदी होती ती गेलीच. पण बासष्टपैकी छत्तीस घड्याळं आम्ही वाचवली. ती नवीन म्हणून विकली नाहीत. "पुरातला माल, मशीन नवीन" असं लिहून कमी किमतीत विकली आणि सगळी गेली. त्या महिन्यात आमच्याकडे रोख म्हणून जे काही आलं, त्यातला मोठा भाग हा होता.

त्याच दिवसांत एक काकू आल्या. पिशवीत गाळ लागलेलं घड्याळ. मी बघितलं आणि म्हटलं, "काकू, हे राहू दे. निम्म्या किमतीत नवीन देतो तुम्हाला." मला वाटलं, मी चांगलंच काहीतरी करतोय.

काकू म्हणाल्या, "नवीन नको रे बाळा. फुकट दिलंस तरी नको. हे चालू होतंय का तेवढं बघ की."

मागून अण्णांचा आवाज आला, "आण इकडं."

डायल पुसली तेव्हा खाली अक्षरं दिसली. "सेवानिवृत्तीनिमित्त सप्रेम भेट." खाली त्यांच्या मालकांचं नाव आणि तारीख. मालक जाऊन तीन वर्षं झाली होती. घरातले फोटो पाण्यात गेले होते. हे घड्याळ तेवढं भिंतीवर राहिलं होतं.

मित्रांनो, मी सात वर्षं घड्याळं विकत होतो आणि मला हे माहीत नव्हतं की माणूस घड्याळ कशासाठी ठेवतो. वेळ तर मोबाइलवरही दिसते. आपल्याकडे भिंतीवरचं घड्याळ बहुतेक वेळा कोणीतरी दिलेलं असतं. लग्नात, वास्तुशांतीला, बदली झाल्यावर, रिटायर झाल्यावर, मंडळाच्या बक्षीस समारंभात. त्याच्यावर नाव असतं, तारीख असते. ग्राहक ज्याला "घड्याळ" म्हणतो ती डायल आणि चौकट असते. मशीन म्हणजे मागे बसवलेला सत्तर-ऐंशी रुपयांचा सुटा भाग. आपण त्या सुट्या भागासाठी त्याला अख्खी आठवण फेकायला सांगतो, आणि वर म्हणतो की कस्टमर सर्व्हिस देतोय.

अण्णांनी काकूंकडून मशीन आणि मजुरीचे मिळून एकशे वीस रुपये घेतले. मी म्हटलं, अहो अण्णा, पुराचे दिवस आहेत, फुकट करू. अण्णा म्हणाले, "त्यांनी मागितलं नाही फुकट. काम केलंय, पैसे घे. उगाच उपकार करू नको कुणावर." काकूंनी पैसे मोजून दिले आणि घड्याळ पदराने पुसत घेऊन गेल्या.

घड्याळात नेमकं बिघडतं काय

आता कामाचं बोलू. सेलवर चालणाऱ्या घड्याळात आत क्वार्ट्झचा एक छोटा स्फटिक असतो. तो सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. हा आकडा विचित्र वाटतो ना? कॅलक्युलेटर घ्या आणि त्याला पंधरा वेळा दोनने भागा. उत्तर एक येतं. आतली चिप हेच करते, निम्मे करत करत सेकंदाला एक ठोका काढते. तो ठोका एका बारीक तारेच्या कॉइलला मिळतो, कॉइल छोटं चुंबक फिरवते आणि प्लास्टिकची दातेरी चाकं काटे पुढे सरकवतात. एवढंच आहे. घाबरण्यासारखं काही नाही.

माझ्याकडे येणाऱ्या घड्याळांत मुख्यतः पाच तक्रारी असतात.

पहिली, सेल संपलेला. हसू नका. सेकंद काटा नऊच्या आसपास जागच्या जागी थरथरत असेल तर पहिला संशय सेलवर घ्या. तिथे काट्याला वजन वर उचलायचं असतं आणि कमजोर सेलला ते झेपत नाही. साधा दीड व्होल्टचा नवीन सेल टाका. रिचार्ज होणारा सेल टाकू नका, तो साधारण १.२ व्होल्टचा असतो.

दुसरी, सेलच्या जागी गंज किंवा पांढरी पावडर. सेल गळला की हे होतं. पावसाळ्यात आणि स्वयंपाकघरातल्या घड्याळात जास्त. पावडरला हात लावू नका. अल्कलाइन सेल गळलेला असेल तर कापसाच्या बोळ्यावर दोन थेंब व्हिनेगर किंवा लिंबाचा रस घेऊन पत्रा पुसा, मग कोरड्या कापडाने पुसा. गंज असेल तर बारीक पॉलिश पेपर हलकासा फिरवा. पत्रा थोडा सैल झाला असेल तर चिमट्याने बाहेर ओढा म्हणजे सेलला नीट टेकेल.

तिसरी, काटे एकमेकांना किंवा काचेला घासतात. घड्याळ पडलं किंवा साफ करताना दाब बसला की हे होतं. बाजूने डोळा लावून बघा. तिन्ही काट्यांत थोडी थोडी मोकळी जागा दिसली पाहिजे.

चौथी, मशीन गेलेलं. सेल नवीन, पत्रा स्वच्छ, काटे मोकळे आणि तरीही हालचाल नाही, तर मशीन बदला. काच काढा. सेकंद काटा, मिनिट काटा, तास काटा या क्रमाने सरळ वर ओढून काढा, तिरके ओढलेत तर वाकतात. मधला नट सोडवा, मशीन मागून निघून येईल. नवीन बसवताना उलट क्रम. तास काटा बारावर, मिनिट काटाही बारावर, मग सेकंद काटा. नवीन मशीन घेताना मधल्या दांड्याची लांबी बघा. पातळ डायलला लांब दांडा चालेल, पण काच जवळ असेल तर काटे काचेला लागतील. प्लायवूडच्या जाड डायलला आखूड दांडा पुरणारच नाही. म्हणून जुनं मशीन सोबत घेऊन दुकानात जा. जुने काटे नवीन मशीनवर बसतीलच असं नाही, भोकाचं माप वेगळं असू शकतं. काटे सोबतच घ्या.

पाचवी, "लंबक हलत नाही, म्हणून घड्याळ बिघडलंय." सेलच्या घड्याळात लंबक फक्त शोभेला असतो. त्याला हलवणारी कॉइल आणि चुंबक वेगळं असतं. वेळेचा आणि त्याचा संबंध नाही. वेळ बरोबर असेल तर ग्राहकाला हे खरं सांगा.

चावीच्या घड्याळाचं शास्त्र वेगळं. तिथे लंबकच वेळ ठरवतो. घड्याळ पुढे जात असेल तर लंबकाखालचा नट फिरवून गोळा किंचित खाली घ्या, मागे पडत असेल तर वर घ्या. ते भिंतीवर तिरकं लागलं असेल तर टिक आणि टॉकमधलं अंतर सारखं येत नाही, लंगडत्या माणसासारखा आवाज येतो आणि थोड्या वेळाने घड्याळ थांबतं. कितीतरी चावीची घड्याळं नुसती सरळ टांगली की चालू होतात. मात्र आतलं मशीन स्वतः खोलू नका. स्प्रिंगमध्ये ताण साठलेला असतो, ती सुटली तर बोट कापेल. आणि कृपा करून खोबरेल तेल घालू नका. ते धूळ धरतं आणि थंडीत घट्ट होतं. अण्णांच्या टेबलावर आलेल्या निम्म्या चावीच्या घड्याळांचा आजार कोणीतरी प्रेमाने घातलेलं खोबरेल तेल हाच होता.

आता हिशोब

हे माझ्या दुकानातले दर आहेत. तुमच्या गावात थोडं इकडे-तिकडे होईल.

नवीन साधं घड्याळ साडेचारशेला विकतो, खरेदी साडेतीनशे. हातात शंभर रुपये. मशीन बदलायचे दोनशे घेतो. मशीन साठ, काटे पंधरा, सेल पंधरा, म्हणजे नव्वद खर्च. हातात एकशे दहा. वेळ वीस मिनिटं.

नीट बघा. ग्राहकाचा खर्च निम्म्याहून कमी झाला आणि माझ्या हातात दहा रुपये जास्त आले. शिवाय वीस घड्याळं शोकेसमध्ये ठेवायला माझे सात हजार रुपये अडकतात. वीस मशीन डब्यात ठेवायला बाराशे लागतात. भांडवल कमी असलेल्या माणसाने याच्यावर विचार करावा.

पण अर्धाच हिशोब सांगून मी तुम्हाला फसवणार नाही. माझ्याकडे आठवड्याला चार-पाच घड्याळं दुरुस्तीला येतात. म्हणजे महिन्याला दोन-सव्वादोन हजार रुपये. यातून दुकानाचं लाईट बिल निघतं, संसार चालत नाही. "घड्याळ दुरुस्तीतून महिना पन्नास हजार कमवा" असा कोणी व्हिडिओ बनवला तर बंद करा.

मग फायदा कुठे? दुरुस्तीला आलेला माणूस वीस मिनिटं दुकानात बसतो. नुसता बसत नाही, तुमचे हात बघतो. तुम्ही काय बदललं, काय नाही, हे त्याला दिसतं. एवढा वेळ आणि एवढा विश्वास जाहिरातीतून विकत मिळत नाही. त्या काकू दिवाळीला परत आल्या, भाचीच्या वास्तुशांतीसाठी घड्याळ न्यायला. दीड-दोन वर्षांनी त्यांच्या ओळखीने एका पतसंस्थेची सभासदांना भेट द्यायला चाळीस घड्याळांची ऑर्डर आली. दर वेळी असं होत नाही. बरेच लोक दुरुस्ती करून नेतात आणि पाच वर्षं दिसत नाहीत. चालायचंच. पण ते जेव्हा कधी घ्यायला निघतात तेव्हा आपल्या दुकानाचा विचार करतात, एवढं मला अनुभवाने सांगता येतं.

मी नवीन मालाच्या विरोधात नाही

काही जण म्हणतील, सर जुन्या काळात अडकले. तसं नाही. गुजरातमधल्या मोरबीचं उदाहरण घ्या. तिथे १९७१ मध्ये अजंता कंपनी सुरू झाली. ओधवजी पटेल मूळचे शाळेतले शिक्षक. सेलवर चालणारं स्वस्त घड्याळ घराघरात गेलं ते अशा माणसांमुळे. आज मोरबी घड्याळांचं मोठं केंद्र आहे, हजारो हातांना काम आहे. चावीचं घड्याळ ज्यांना परवडत नव्हतं त्यांच्या भिंतीवर वेळ आली. ही चांगलीच गोष्ट झाली.

उलट बाजूही बघा. एचएमटीने १९६१ मध्ये जपानच्या सिटिझनच्या मदतीने बंगळुरूत मनगटी घड्याळं बनवायला सुरुवात केली. एके काळी दहावी पास झाल्यावर, लग्नात, हातात एचएमटी असणं ही मानाची गोष्ट होती. क्वार्ट्झच्या लाटेपुढे आणि बाजारातल्या स्पर्धेपुढे कंपनी टिकली नाही, आणि २०१६ मध्ये केंद्र सरकारने एचएमटी वॉचेस बंद करायला मंजुरी दिली. काळ बदलतो, बदलला पाहिजे. अण्णा स्वतः चावीवरून सेलवर आलेच की. कौशल्य सोडायचं नाही, फक्त ते नव्या वस्तूवर वापरायला शिकायचं, एवढं मी त्यांच्याकडून घेतलं.

आणि सगळंच दुरुस्त करू नका. माझे नियम साधे आहेत. दुरुस्तीचा खर्च नव्याच्या निम्म्यापेक्षा जास्त होत असेल आणि घड्याळात भावनिक काही नसेल, तर मी स्वतः सांगतो, नवीन घ्या. डायलचा कागद फुगलाय, रंग उडालाय, तर सांगतो. आकडे दाखवणाऱ्या डिजिटल घड्याळाचा सुटा भागच मिळत नसेल तर पैसे न घेता परत देतो. "नाही होणार" हे वेळेवर सांगणं हाही दुरुस्तीच्या धंद्याचा भाग आहे.

सरकारसुद्धा आता हेच म्हणतंय

तुम्हाला हे एका घड्याळवाल्याचं वेड वाटत असेल तर एक लक्षात घ्या. केंद्र सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागाने २०२२ च्या जुलैमध्ये "दुरुस्तीचा हक्क" या विषयावर समिती नेमली. शेती अवजारं, मोबाइल, घरगुती उपकरणं आणि वाहनं हे त्यातले मुख्य विषय. त्याच वर्षी २४ डिसेंबरला, राष्ट्रीय ग्राहक दिनी, त्यासाठी पोर्टल सुरू झालं. फ्रान्समध्ये २०२१ पासून काही उपकरणांवर ती किती सोपेपणाने दुरुस्त होतात याचे गुण छापावे लागतात.

वारं कुठल्या दिशेला आहे ते बघा. उद्या ग्राहक विचारणार आहे, "हे बिघडलं तर दुरुस्त होईल का? कोण करेल?" गावात त्याचं उत्तर देणारा माणूस लागणार आहे. तो माणूस तुम्ही का नसावं? घड्याळ हे शिकायला सगळ्यात सोपं. त्यातून हात बसला की मिक्सर आहे, पंखा आहे, इस्त्री आहे. तिथे मात्र विजेचं काम असतं, नीट शिकल्याशिवाय हात घालू नका.

सुरुवात करायची असेल तर

एक डबा, दोन स्क्रूड्रायव्हर, एक चिमटा, एक जुना टूथब्रश, पॉलिश पेपर, सेल तपासायचा मीटर, आठ-दहा मशीन आणि काट्यांचे काही जोड. दोन हजारांच्या आत सगळं बसतं. त्यानंतर या पाच सवयी लावून घ्या.

दराची पाटी लावा. सेल बदलणं इतके, पत्रा साफ करणं इतके, मशीन बदलणं इतके. ग्राहकाने विचारायच्या आधी त्याला दिसलं पाहिजे.

खोलायच्या आधी त्याच्यासमोर फोटो काढा आणि पावती द्या. "काच आधीच तडकलेली होती" हा वाद एकदा झाला की कळतं.

काढलेला जुना भाग ग्राहकाला दाखवा. काही बदललं नसेल तर बदललं म्हणू नका. नुसता पत्रा साफ करून घड्याळ चालू झालं तर मी चाळीस रुपये घेतो आणि तसंच सांगतो. मशीनचे दोनशे घ्यायचा मोह होतो. होऊ देऊ नका. गाव लहान असतं.

तीन महिन्यांची जबाबदारी घ्या. तारीख मशीनवर मागे पेनने लिहा.

जुने सेल कचऱ्यात टाकू नका, वेगळ्या डब्यात साठवा आणि ई-कचरा गोळा करणाऱ्यांकडे द्या. दुकानात तसा डबा दिसला की लोक घरचे सेलही आणून टाकतात. तेवढंच एक येणं वाढतं.

शेवटचं

बंद घड्याळ घरात ठेवू नये, असं आपल्याकडे म्हणतात. त्यामुळे बरेच जण ते घाईने भंगारात देतात. माझं म्हणणं इतकंच आहे की बंद घड्याळ ठेवू नये याचा एक अर्थ ते चालू करावं असाही होतो.

२०१९ नंतर टेबल पुन्हा पुढे आणलं. शोकेस थोडं मागे सरकलं. पाटीही बदलली. अण्णा आता रोज येत नाहीत. हाताला कंप आहे, बारीक स्क्रू धरता येत नाही. रविवारी सकाळी ते खुर्चीवर बसतात आणि मी टेबलावर. ते सांगतात, मी करतो. सेलचं काम मला येतं, चावीचं अजून पूर्ण येत नाही. टोल्यांच्या बाजूची चाकं बसवताना मी अजून चुकतो, बारा वाजता घड्याळ सात टोले देतं आणि अण्णा हसतात.

मधली सात वर्षं त्यांचा हात स्थिर होता आणि टेबल मागच्या खोलीत होतं. ती सात वर्षं कुठल्याही हिशोबात परत येणार नाहीत. म्हणून सांगतो, तुमच्या घरात कोणाकडे असं काही कौशल्य असेल, आईचं, मामांचं, शेजारच्या काकांचं, तर "यात बिझनेस कुठे आहे" हे विचारायच्या आधी एकदा त्यांच्याशेजारी बसा.

आणि या रविवारी घरातलं ते बंद पडलेलं घड्याळ भिंतीवरून खाली घ्या. आधी सेल बदला. मग पत्रा बघा. मग काटे बघा. नाही जमलं तर व्हिडिओ आहेच, आणि सांगलीत असाल तर दुकानात या. खोलून बघायचे पैसे घेत नाही. चालू झालं तर मात्र घेतो.

भेटू पुढच्या आठवड्यात. धंदा सांभाळा, नाव जपा.